फक्त

मराठीतल्या साऱ्या शब्दांत सर्वांत महागडा शब्द कोणता, असे मला कुणी विचारले तर मी ‘फक्त’ हे उत्तर देईन. धनादेशावर रक्कम अक्षरांत लिहून झाली की आपण शेवटी ‘फक्त’ असे लिहितो. तिथे हा शब्द मोठा इमानी पहारेकरी असतो. आपल्या रकमेला पुढे कुणी आणखी काही चिकटवू नये म्हणून तो काठी घेऊन उभा असतो. पण हाच पहारेकरी घरांच्या जाहिरातीत नोकरीला लागला की त्याची वृत्ती पालटते. तिथे तो आकड्याच्या शेवटी न थांबता आकड्याच्या पुढे येऊन उभा राहतो. ‘दरमहा हप्ता फक्त अमुक हजार!’ त्या आकड्याच्या पाठीमागे काय काय दडले आहे ते वाचणाऱ्याला दिसू नये, एवढ्यासाठीच जणू त्याला नेमलेले असते.

दसरा-दिवाळीच्या सुमारास आमच्या चेंबुरात ह्या शब्दाला मोठा बहर येतो. सायन-ट्रॉम्बे रस्त्याने जाताना मान वर केली की आकाशाच्या आधी तोच दिसतो. पूर्वी मुहूर्ताची खरेदी म्हणून लोक गुंजभर सोने घेत. आता घराची नोंदणी करतात. आम्ही इथे राहायला आलो ते १९८३ साली. त्या वेळी गिरगावातले आमचे नातेवाईक चेंबूरला येताना प्रवासाला निघाल्यासारखे पाण्याची बाटली बरोबर घेत. बैठे बंगले, अंगणात नारळ नि आंबा, फाटकावर मधुमालती, असे तेव्हाचे चेंबूर होते. आज त्या बंगल्यांच्या जागी मनोरे उभे आहेत. राज कपूरचा आर. के. स्टुडिओसुद्धा २०१९ साली एका घरबांधणी कंपनीने विकत घेतला. घर ही वस्तू अशी सगळीकडून वाढते आहे आणि तरीही कुणाला पुरत नाही.

मी ट्रॉम्बेच्या बाजूच्या एका कारखान्यात हिशेबखात्यात चौतीस वर्षे काढली. डॉक्टर दिसला की लग्नाच्या पंगतीतसुद्धा माणसे त्याला जीभ काढून दाखवतात, तसे आमच्या सोसायटीतले लोक मला जिन्यात गाठून कागद दाखवतात. तेव्हा ह्या भाद्रपदात एका रविवारी माझी भाची आणि तिचे यजमान हातात जाडजूड फाईल घेऊन दारात उभे राहिले, त्या वेळी आमच्या सौ.ने चहाचे आधण ठेवण्यापूर्वी माझा चष्मा आणून दिला.

भाची एकोणतीस वर्षांची, जावई तीस वर्षांचे. दोघेही संगणकाच्या नोकरीत. चेंबूर नाक्याजवळ बांधकाम चालू असलेल्या एका इमारतीत अठराव्या मजल्यावर त्यांनी घर पाहिले होते. किंमत एक कोटी पस्तीस लाख. त्यांपैकी पस्तीस लाख दोन्ही घरांच्या पुंजीतून उभे राहायचे आणि एक कोटी कर्जाऊ घ्यायचे. पुंजीत माझ्या धाकट्या बहिणीची, म्हणजे भाचीच्या आईची, चिपळूणच्या बँकेतली ठेवही धरलेली होती.

“मामा, हप्ता बसतो,” भाची उत्साहाने म्हणाली. “दोघांच्या पगारातून अगदी आरामात बसतो.”

“बसतो हे खरे. पण उठतो कधी?” मी विचारले.

“तीस वर्षांची मुदत मिळते आहे,” जावई म्हणाले. “त्यामुळे हप्ता हलका झाला. शहात्तर हजार आठशे एक्याण्णव.”

“फक्त!” आतून सौ.चा आवाज आला.

जावई हसले. मी जुन्या दिनदर्शिकेचा एक पाठकोरा कागद पुढे ओढला. व्याजाचा दर हिशेबापुरता साडेआठ टक्के धरला. दर वरखाली होत असतात, पण व्याजाची चाल तीच राहते. वाचकांनीही हा हिशेब माझ्याबरोबर करून पाहावा. ह्याला संगणक लागत नाही. सातवीचे गणित पुरते.

एक कोटीवर साडेआठ टक्के म्हणजे वर्षाचे साडेआठ लाख, महिन्याचे सत्तर हजार आठशे तेहेतीस. हे झाले पहिल्या महिन्याचे व्याज. हप्ता शहात्तर हजार आठशे एक्याण्णव रुपयांचा. म्हणजे मुद्दलात जमा झाले ते सहा हजार अठ्ठावन्न. पहिल्या महिन्यात पाऊण लाखाच्या वर रक्कम मोजून तुम्ही घर सोडवता ते एवढ्या रुपयांचे. त्यात त्या घराच्या स्वयंपाकघराचा ओटासुद्धा येणार नाही. दुसऱ्या महिन्यात ह्याहून थोडे अधिक, तिसऱ्यात आणखी थोडे अधिक. असे करीत दहा वर्षे लोटली की तुम्ही भरलेले असतात सुमारे ब्याण्णव लाख सत्तावीस हजार आणि कर्ज शिल्लक असते सुमारे अठ्ठ्याऐंशी लाख साठ हजार. तीस वर्षांची बेरीज येते दोन कोटी सत्त्याहत्तर लाखांच्या घरात.

जावयांनी कागद हातात घेऊन पुन्हा आकडे तपासले. हिशेबाच्या माणसाला असा अविश्वास आवडतो. त्यांनी खिशातल्या यंत्रावर बेरीज करून पाहिली. ती तेवढीच आली.

“म्हणजे ही फसवणूकच झाली की!” भाची म्हणाली.

फसवणूक मुळीच नाही. ह्यात कुणाची लबाडी नसते आणि सारे कागदावर लिहिलेले असते. व्याज शिल्लक रकमेवर चढते आणि सुरुवातीला शिल्लक रक्कम सर्वांत मोठी असते, एवढीच गोष्ट. विहीर उपसायला घेतली तरी आतले झरे चालूच राहतात. तुम्ही पोहरा बारीक घेतलात तर दिवसभर उपसूनही पाणी तिथल्या तिथेच दिसणार. मुदत लांबवून हप्ता हलका करणे म्हणजे पोहरा बारीक घेणे.

पोहरा जरा मोठा घेतला तर काय होते, तेही पाहिले. तेच कर्ज वीस वर्षांचे केले तर हप्ता येतो शहाऐंशी हजार सातशे ब्याऐंशी. दरमहा दहा हजारांना एकशे नऊ रुपये कमी, एवढाच काय तो फरक. पण सारी बेरीज दोन कोटी आठ लाखांवर थांबते. म्हणजे दरमहाचा तो दहा हजारांचा दिलासा तीस वर्षांत साडेअडुसष्ट लाखांना पडतो. अर्थात वीस वर्षांच्या कर्जातही पहिली दहा वर्षे एक कोटी चार लाख भरून सत्तर लाख उरतातच. निम्मी मुदत संपली म्हणजे निम्मे कर्ज फिटले, असा समज पुष्कळांचा असतो. निम्मे मुद्दल फिटायला तेरा वर्षे दहा महिने लागतात.

शिवाय घराच्या किमतीमागोमाग येणारी पाहुणेमंडळी असतात. मुंबईत मुद्रांक शुल्क सहा टक्के, म्हणजे इथे आठ लाख दहा हजार. नोंदणीचे तीस हजार. घर बांधकाम चालू असताना घेतले तर पाच टक्के जी. एस. टी., म्हणजे पावणेसात लाख. असे पंधरा लाखांवर पैसे रोख लागतात. ते कर्जात सहसा बसत नाहीत. लग्नात कार्यालयाचे भाडे धरावे आणि वाढप्यांना विसरावे, तसे ह्या रकमेचे होते.

जावई माणूस विचारी. ते म्हणाले, “मामा, हे सगळे मान्य. पण आम्ही आज टिळकनगरात अडतीस हजार भाडे भरतो. ते पैसे वायाच जातात ना?”

हा प्रश्न मला चेंबुरातल्या प्रत्येक जिन्यात विचारला गेला आहे. भाडे वाया जाते ही कल्पना आपल्या मनात खोल रुजली आहे. पण व्याज म्हणजे तरी काय? ते पैशाचे भाडेच होय. घराचे भाडे अडतीस हजार दिले तर ते वाया गेले आणि पैशाचे भाडे सत्तर हजार दिले तर ते सत्कारणी लागले, असे कसे म्हणावे? अडतीस हजारांत निदान नळ गळला तर तो घरमालकाला दुरुस्त करावा लागतो.

“आणि रुपया काय आजच्यासारखाच राहणार आहे?” जावयांनी दुसरा मुद्दा काढला. “वीस वर्षांनंतरच्या शहात्तर हजारांना काय किंमत असेल? पगार वाढतील. हप्ता तेवढाच राहील.”

हा मुद्दा मात्र वजनदार होता आणि त्याला माझ्याच कपाटात पुरावा होता. १९८३ साली मी पंच्याण्णव हजारांना दोन खोल्या घेतल्या. पस्तीस हजार साठवणीतले, त्यांत सौ.च्या पाटल्याही आल्या. साठ हजार कर्ज, साडेबारा टक्के व्याज, पंधरा वर्षांची मुदत. हप्ता सातशे चाळीस रुपये. माझा पगार तेव्हा अठराशे होता. महिन्याच्या एक तारखेला पगाराचे पाकीट घेऊन निघालो की कारखान्याच्या फाटकाशी ते जड वाटे आणि घरी पोहोचेपर्यंत हलके होई. पण १९९८ साली शेवटचा हप्ता भरला तेव्हा माझा पगार अकरा हजारांवर गेला होता आणि तो सातशे चाळीसचा राक्षस मांजरासारखा पायाशी घोटाळत होता. तेव्हा वीस-तीस वर्षांच्या हप्त्यांची नुसती बेरीज करून ‘एवढे लुटले’ असे म्हणणे हेही खरे गणित नव्हे. पुढचा रुपया आजच्या रुपयाहून हलका असतो, हे जमेस धरायलाच हवे.

आणखीही एक गोष्ट जमेस धरायला हवी. माझे वडील जन्मभर गिरगावातल्या चाळीत भाड्याच्या खोलीत राहिले. त्यांच्या पिढीतला नोकरदार स्वतःचे घर बांधी ते निवृत्तीनंतर, प्रॉव्हिडंट फंडाच्या पैशातून. पुष्कळदा घराची वास्तुशांत आणि घरमालकाची साठी एकाच मांडवात उरकत. १९७७ साली हसमुखभाई पारेख ह्यांनी मुंबईत केवळ घरांसाठी कर्ज देणारी संस्था काढली, तेव्हा त्यांचे स्वतःचे वय पासष्टाच्या पुढे होते. आणि पगारदार माणसाला साठीऐवजी तिशी-चाळिशीतच घर मिळाले पाहिजे, हा विचार त्यांनी ह्या देशात रुजवला. घर असण्याचे मोल चेंबूरला शिकवावे लागत नाही. फाळणीनंतर सिंधमधून सर्वस्व सोडून आलेली माणसे इथल्या निर्वासितांच्या छावणीत राहिली आणि त्यांनी शून्यातून पुन्हा घरे उभारली. ‘चंबूगबाळे उचला’ असे आपल्याला कुणी म्हणू शकत नाही, ह्या समाधानाची किंमत टक्क्यांत कशी मांडणार? कर्ज नसते तर माझी मुले ह्या हवेशीर खोल्यांत वाढली नसती. म्हणून कर्ज काढू नका, असे सांगणाऱ्यांतला मी नव्हे.

पण आपल्या पूर्वजांना कर्जाची जी भीती होती ती काही अडाण्यांची भीती नव्हती. आपल्या जुन्या धर्मशास्त्रात ‘दामदुपट’ नावाचा एक नियम आहे. सावकाराला एका वेळी मागता येणारे व्याज मुद्दलाहून जास्त होता कामा नये, असा तो नियम. शंभर रुपये दिले असतील तर व्याज कितीही थकले तरी एका वेळी दोनशेच्या वर वसूल करता येणार नाही. इंग्रजी अमलातही मुंबई हायकोर्टाने हिंदू ऋणकोंच्या बाबतीत हा नियम मानला आणि १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्यातही हे तत्त्व आले. त्याच्या आधी काय घडले होते तेही आपल्याला ठाऊक आहे. १८७५ साली पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांतून कर्जरोखे आणि गहाणखते बाहेर ओढून त्यांची होळी केली. तो दंगा इतका पसरला की १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी वेगळा कायदा करावा लागला. त्या माणसांना लिहिता-वाचता येत नव्हते. पण व्याज माणसाला कुठवर नेते, हे त्यांना पुरते कळले होते.

माझ्या साठ हजारांच्या कर्जाची मी बेरीज केली, तेव्हा व्याजच त्र्याहत्तर हजार भरले होते. मग दामदुपट कुठे गेली? ती तिच्या जागीच आहे. फक्त तिच्यातले ‘एका वेळी’ हे दोन शब्द नीट वाचायला हवेत. थकून राहिलेल्या व्याजाला ही मर्यादा आहे; महिन्याच्या महिन्याला चुकते केलेल्या व्याजाच्या बेरजेला नाही. जो थकवतो त्याला शास्त्राने आधार दिला. जो इमानाने एक तारखेला भरतो, त्याने आपली बेरीज आपणच करायची असते. हप्त्याच्या व्यवस्थेत ते कुणी दुसरे करून देत नाही.

गहाणाला आपल्याकडे आणखी एक सुंदर शब्द होता: ‘नजरगहाण’. वस्तू ऋणकोच्या ताब्यात राहते, तो ती वापरतो, झाडतो-पुसतो. पण सावकाराची नजर तिच्यावर असते. आजचे घरकर्ज म्हणजे दुसरे काय? दारावर पाटी आपली, तोरण आपले आणि मूळ दस्तऐवज दुसऱ्याच्या तिजोरीत. ती नजर बोचत नाही, कारण ती महिन्यातून एकदाच आपल्याकडे वळते.

आता ही नजर कधी कधी तीक्ष्ण होते, तेवढे मात्र तरुण मंडळींनी ध्यानात ठेवले पाहिजे. माझ्या वेळचा दर पंधरा वर्षे एकच होता. आजची बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ ह्या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर चारवरून साडेसहा टक्क्यांवर गेला. समजा, एखाद्याने त्याच्या थोडेच आधी एक कोटीचे कर्ज साडेसहा टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले होते. त्याचा हप्ता चौऱ्याहत्तर हजार पाचशे सत्तावन्न. दर अडीच टक्क्यांनी वाढून नऊ झाला की त्या कोटीचे नुसते व्याजच महिन्याला पंच्याहत्तर हजार! हप्ता तेवढाच ठेवला तर मुद्दलाला एक पैसाही पोहोचायचा नाही. उलट कर्जच वाढायचे. वर्षभर आधी घेतलेल्याचे मुद्दल थोडे उतरलेले, म्हणून त्याचे नुसते व्याज भागे इतकेच. पण मुदत वीस वर्षांवरून चाळिशीपार जाई. त्या काळात पुष्कळांचा हप्ता तसाच राहिला आणि मुदत गुपचूप लांबली. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने ह्याबद्दल नियम घालून दिले: दर बदलला की हप्ता आणि मुदत ह्यांवर काय परिणाम होणार ते ऋणकोला कळवायचे आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे त्याला निवडू द्यायचे. निवडण्याचा हक्क मिळाला. पण ते पत्र उघडून वाचण्याचे काम आपलेच राहिले.

एवढे बोलून होईतो चहा दोनदा झाला होता. भाची मुकाट्याने ऐकत होती. मग तिने माझ्या जुन्या वहीकडे बोट केले. मी १९८३ पासूनचे हप्ते एका लाल कापडी वहीत मांडून ठेवले आहेत. डाव्या बाजूला हप्ता, उजव्या बाजूला शिल्लक. तिने सहज चाळली आणि विचारले, “मामा, ही शेवटच्या पानावरची यादी कसली?”

ती यादी माझी नव्हे, माझ्या आईची. तिला अक्षरओळख जेमतेम होती. घर घेतले त्या वर्षी तिने माझ्याकडून ती लिहवून घेतली होती. ‘घर फिटल्यावर करायच्या गोष्टी’ असा मथळा. पहिली ओळ: काशीयात्रा. मग गावच्या देवळाला समई. मग धाकट्या मावशीकडे महिनाभर राहणे. तिच्या हाताशी मी कितीदा तरी पैसे ठेवून पाहिले. दर वेळी ती म्हणे, “आधी घर मोकळे होऊ दे रे. देव कुठे पळून जातो?” देव पळून गेला नाही. १९९६ साली आईच गेली. वहीत त्या महिन्याचाही हप्ता नेमाने मांडलेला आहे: सातशे चाळीस. शिल्लक कर्ज सोळा हजारांच्या आसपास होते.

मला वाटते, कर्जाची खरी किंमत कुठल्याही बँकेच्या उताऱ्यावर येत नाही, कारण ती ह्या शेवटच्या पानावर असते. हप्ता रुपयांचा असतो, पण तो वर्षांतून कापला जातो. रुपया पुढे हलका होतो, हे जावयांचे म्हणणे अगदी खरे. पण वर्षे हलकी होत नाहीत. तिशीतली वर्षे ही माणसाच्या हातातली सर्वांत जड वर्षे. मुले लहान, आईबाप थकत चाललेले, अंगात नवे काही करून पाहण्याची उमेद. आणि घरकर्जाचे गणित असे आहे की नेमक्या ह्याच वर्षांत हप्ता पगाराच्या मानाने सर्वांत मोठा आणि त्यातले घर सर्वांत थोडे.

“तुमच्या दोघांचे पगार धरून हे कर्ज मंजूर झाले आहे,” मी भाचीला म्हटले. “म्हणजे ह्या घराला खांब दोन. दोन्ही तीस वर्षे उभे राहिले पाहिजेत. मला एवढेच सांग, २०२१ साली तू चिपळूणला किती दिवस होतीस?”

ती काहीच बोलली नाही. त्या वर्षीच्या जुलैत वाशिष्ठीचे पाणी माझ्या बहिणीच्या घरात माळ्यापर्यंत चढले होते. धान्य गेले, कपडे गेले, भिंतींचा रंग चिखलाचा झाला. बहीण एकटी, तिचे यजमान आधीच वारलेले. त्या वेळी ह्या पोरीने दोन महिने बिनपगारी रजा घेतली, घरातला गाळ उपसला आणि आईला पुन्हा माणसांत आणले. ऑफिसात काय म्हणतील, पगाराचे काय, असले विचार तिला शिवले नाहीत. ती मोठी धीराची आहे म्हणून तर खरेच, पण दुसरेही कारण होते. त्या वेळी तिच्या डोक्यावर हप्ता नव्हता.

जावयांनी पुन्हा कागद पुढे ओढला. ह्या वेळी पेन्सिल त्यांच्या हातात होती. त्यांचा प्रश्नही बदलला होता. ‘दोन पगारांत किती मोठे घर बसते’ हे सोडून ते आता ‘एका पगारात किती घर बसते’ हे काढीत होते. उत्तर आले पन्नास लाखांच्या कर्जाचे. वीस वर्षे, हप्ता त्रेचाळीस हजार तीनशे एक्याण्णव. दोघांपैकी कुणाही एकाला एकट्याने पेलवेल असा. दुसरा पगार मोकळा. त्यातून जमेल त्या महिन्यात पाच हजार जास्त भरायचे. बदलत्या दराच्या घरकर्जाची मुदतीआधी परतफेड केली तर बँकांनी दंड घेऊ नये, हा रिझर्व्ह बँकेचा नियम २०१२ पासून आहेच. दरमहा ते पाच हजार पहिल्यापासून नेमाने पडले तर वीस वर्षांचे कर्ज साडेपंधरा वर्षांच्या आसपास फिटते आणि जवळजवळ चौदा लाख वाचतात. आणि ज्या महिन्यात जमणार नाही, त्या महिन्यात कुणी जाब विचारीत नाही. हाच त्यातला खरा फायदा.

“पण मग अठरावा मजला?” सौ.ने विचारले. बायकांचे लक्ष नेमके दुखऱ्या जागी जाते.

“तिथून खाडी दिसत होती मामी,” भाची म्हणाली आणि जरा वेळ खिडकीबाहेर पाहत राहिली. मीही काही बोललो नाही. अशा वेळी हिशेबाच्या माणसाने चष्मा पुसावा.

पुढचे पाच-सहा रविवार त्यांनी चेंबुरातल्या जुन्या इमारती पालथ्या घातल्या. अखेर एका तीसेक वर्षांच्या सोसायटीत दुसऱ्या मजल्यावर पंच्याऐंशी लाखांत घर मिळाले. उद्वाहन नाही, दिवाणखान्याच्या खिडकीतून खाडीऐवजी समोरच्याचे वाळत घातलेले कपडे दिसतात आणि मोरीच्या फरशा बदलाव्या लागणार आहेत. जुने घर म्हणून जी. एस. टी. नाही. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी भरूनही त्यांची स्वतःची थोडी पुंजी हाताशी राहिली. बहिणीच्या ठेवीला कुणी हात लावला नाही. कराराच्या दिवशी जावयांनी घरातल्या वहीत पहिल्या पानावर कर्जाचा आकडा मांडला आणि शेवटचे पान भाचीपुढे केले. तिने त्यावर काय लिहिले ते मी पाहिले नाही. ते पाहायचेही नसते.

मोरीचे काम चालू असल्यामुळे ह्यांची पहिली दिवाळी नव्या घरात होणार नाही. बहिणीच्या डोळ्याची शस्त्रक्रिया वसुबारसेच्या आधी उरकायचे ठरले आहे. भाचीने सहा आठवड्यांची रजा टाकली, त्यातले चार आठवडे बिनपगारी. काल रात्रीच्या गाडीने ती चिपळूणला गेली. सौ.ने चकल्यांचा डबा तिच्याबरोबर दिला आहे, आणि जावईबापू चारी दिवस आमच्याकडे फराळाला आहेत.